बिननावाची मूठ

१

दुपारची झाकपाक झाली की मंजुळाबाई तुळशीपाशी घटकाभर बसायच्या, आणि मग सरांच्या खोलीत चहा अन् पाण्याचा तांब्या नेऊन ठेवायच्या. धुळ्यात, देवपूरच्या त्या बैठ्या घरात राहायला आल्यापासून हा नेम चुकला नव्हता. नेमधर्मावरच त्यांचं घर उभं होतं म्हणा ना. सोमवार महादेवाचा, शुक्रवार देवीचा, चतुर्थीला चंद्र दिसल्याशिवाय तोंडात घास नाही. लेक बोदवडला दिली, ती सुखात नांदत होती. तेही आपल्या उपासांचंच फळ, असं त्यांना मनोमन वाटे.

सरांचा, म्हणजे प्रा. पितांबर भदाणे यांचा, नेम वेगळा. ते कॉलेजात इतिहास शिकवत आणि घरी आले की पोर्तुगिजांवर लिहीत. पांझरेच्या काठी बसून हा माणूस रोज दुपारी दमण, दीव, मोझांबिक करत थेट ब्राझीलपर्यंत जाऊन यायचा. आपल्या मुलखातलं कापड तापीच्या कडेकडेनं बंदरात उतरे, गलबतांनी आफ्रिकेला जाई, तिथं त्या कापडावर माणसं विकत मिळत. आणि इथलीही काही माणसं त्याच गलबतांत कोंबली जात, असं त्यांचं म्हणणं. मोझांबिक स्वतंत्र होऊन बारा-तेरा वर्षं झाली, पोर्तुगीज गोव्यातून गेले त्याला तर जमाना झाला, "पण आपली माणसं अजून परतली नाहीत," असं ते अशा सुरात म्हणत, की गाडी चुकलेल्या पाव्हण्यांबद्दलच बोलताहेत.

"देह नेला ते नेला," बशीत चहा ओतता ओतता ते सांगायचे. "पण बंदरावर रांगेत उभं करून डोक्यावर पाणी शिंपडायचं, अन् त्या दिवशी ज्या संताचा सण असेल त्याचं नाव चिकटवून द्यायचं. खरं नाव तिथंच समुद्रात. माणूस एखाद वेळी परत येईलही गं, नाव कसं यायचं?"

"खरंय," मंजुळाबाई म्हणायच्या, आणि रिकामी बशी उचलायच्या.

अलीकडे मात्र त्या सगळ्या माणसांमधून एकच उरली होती. लुझिया. कुठल्याशा कप्तानानं तिच्याबद्दल दोन ओळी लिहून ठेवल्या होत्या: डोंगरामागच्या कापसाच्या मुलखातली बाई, काही ठरावीक दिवशी अन्नाला शिवत नाही, मारलं तरी शिवत नाही. बस्, एवढंच. पण सर त्या दोन ओळींवर पाखरू अंड्यावर बसावं तसे बसून होते.

"उपास करणारी आहे ती. आपलीच कुणीतरी. शिंदखेड्याकडची म्हण, बोदवडकडची म्हण. पण तिचं खरं नाव काय असेल?"

त्यांच्या आवाजातला तसा ओलावा मंजुळाबाईंनी स्वतःच्या बाळंतपणातसुद्धा ऐकला नव्हता.

त्या दिवशी तांब्या उचलला तर तळाशी घोटभर पाणी होतं. टाकून कशाला द्यायचं म्हणून त्यांनी ते वरूनच तोंडात ओतलं, आणि तशाच मोरीकडे धावल्या. पाणी खारट होतं. ओठाला घाम लागावा तसं नव्हे. ओंजळभर मीठ विरघळावं तसं.

माठातलं पाणी चाखून पाहिलं. गोड होतं.

२

शेजारच्या तानुबाई ओट्यावर लसूण सोलायला यायच्या. बाईच्या जिभेला हाड नव्हतं, पण मनात काळं नव्हतं.

"काय व वहिनी, सरांचं काय चाललंय? खिडकीतून बघावं तर एकटेच हसत असतात."

"लिहिताहेत. एका बाईवर."

"अगं माय! जिवंत शे का?"

"मरून तीनशे वर्षं झाली."

"मग काय घाबरता! मेलेली सवत बरी. साडी मागत नाही, सोनं मागत नाही, रुसून माहेरी जात नाही."

"माहेरी गेली असती तर बरंच झालं असतं," मंजुळाबाई म्हणाल्या, आणि दोघी हसल्या. हसता हसता मंजुळाबाईंच्या नखात लसणाची पाकळी कचकन चिरली गेली.

सर हल्ली त्यांना प्रश्न विचारत. पावसाळ्यातल्या सोमवारी कडक उपास असला तर संध्याकाळी काय खाऊन सोडतात? घरी कुणी नसेल, देवही जवळ नसेल, तर बाई मनात काय म्हणते? पहिल्या दिवशी मंजुळाबाईंना इतका आनंद झाला की त्यांनी हातचं काम टाकून सगळं सांगितलं. इतक्या वर्षांत या माणसानं उपासाबद्दल विचारलं होतं ते एवढंच, की आज जेवायला उशीर का. दुसऱ्या दिवशी सरांनी लिहिलेलं वाचून दाखवलं. त्यात लुझिया जहाजाच्या पोटात अंधारात बसून, हातात पाणी घेऊन, मंजुळाबाईंच्याच शब्दांत महादेवाची माफी मागत होती.

मग तर ते नुसते बघतच. ही पोळी लाटतेय, ते दारात उभे. मंजुळाबाई काम धरण्याआधी बांगड्या कोपराकडे सारत; भाजीतलं मीठ चाखताना डोळे मिटत. दोन दिवसांनी त्या बांगड्या, ते मिटलेले डोळे कागदावर त्या दुसरीला मिळालेले असत. लग्न झाल्यापासून पहिल्यांदाच नवरा त्यांच्याकडे असा टक लावून बघत होता, आणि बघत त्यांना नव्हता.

पाणी रोज खारट होत होतं. मंजुळाबाई काही बावळट नव्हत्या. नगरपालिकेच्या नळाला दोष देऊन झाला, तांब्या चिंचेनं घासून झाला. एकदा खोलीच्या दारात घोट घेऊन त्यांनी तांब्या आत ठेवला आणि चहा संपताच उचलून पुन्हा दारात चाखला. जाताना गोड, येताना खारट.

"अहो, पाणी खारट नाही लागत तुम्हाला?"

"नाही गं. छान आहे की." सरांनी मान वर केली नाही.

त्या रागात त्यांनी एक दिवस भाजीत मीठच घातलं नाही. खा म्हणावं अळणी, मग तरी बायको आठवेल. सर निवांत जेवले, भाकरी मागून घेतली, बोटं चाटली. उरलेली भाजी मंजुळाबाईंनी चाखली. मीठ अगदी बेताचं होतं.

३

श्रावण आला. नागपंचमीनंतरच्या रविवारी कानबाईदेवीचा सण. खानदेशातला माणूस एखादी दिवाळी चुकवील, कानबाईला घर गाठतोच. सासूबाई, झुंबरबाई, शिंदखेड्याहून एस.टी.नं आदल्या दिवशीच उतरल्या. काखेत पिशवी, पिशवीत शेतातले गहू.

कानबाईचे रोट म्हणजे सणाच्या पोळ्या नव्हेत. घरातल्या एकेका माणसाचं नाव घ्यायचं आणि त्याच्या नावाची गव्हाची मूठ सुपात टाकायची. त्याच गव्हाचं पीठ, त्याच पिठाचे रोट, आणि खायचे फक्त घरच्यांनी. कण बाहेर जाऊ द्यायचा नाही. खाऊन हात धुतलेलं पाणीसुद्धा परसात खड्डा करून त्यातच जिरवायचं. लेक लग्न होऊन गेली की तिची मूठ सासरी पडते. माणूस वारलं की त्याची बंद होते. ज्याची मूठ, तो घरचा.

मंजुळाबाईंना या घटकेची वर्षभर ओढ असे. कारण या घरात त्यांचं नाव तोंडानं उच्चारलं जाई ते तेवढंच. नवरा "अगं" म्हणे, लेक "आई", गल्ली "सरांच्या बाई", सासू "व माय". नाव होतं, पण पेटीतल्या शालूसारखं. आणि तेही इथलंच. माहेरी त्या रुक्मा. लग्नात तांदळाच्या ताटात अंगठीनं "मंजुळा" लिहिलं गेलं आणि रुक्मा त्या तांदळाखाली राहिली, ती राहिलीच.

रविवारी भल्या सकाळी सासूबाई सूप पुढ्यात घेऊन बसल्या. "पितांबर," आणि मूठ टाकली. "मंजुळा," मूठ टाकली. शेवटी "झुंबर" म्हणून स्वतःची.

सर दारात येऊन उभे होते. "आई, अजून एक टाक."

"कोनी रे?"

"आहे एक. आपल्याच मुलखातली. तीनशे वर्षं झाली, कुणी तिची मूठ टाकली नाही."

"नाव काय शे तिनं?"

सर घुटमळले. "तेच तर शोधतोय."

म्हातारी खोखो हसली. "नाव माहीत नही, आनि मूठ टाक म्हनस! इतलं शिकना, काय उपेग? अरे बाबा, बिननावनी मूठ कधी टाकानी नही. ती मंग वाट देखत बसस. घरमां जे नाव सापडनं, ते उचली लेस."

सर खट्टू होऊन खोलीत गेले. सासूबाई चाळण आणायला आत गेल्या. सूप मंजुळाबाईंच्या पुढ्यात राहिलं.

खरं सांगायचं तर त्या वेळी त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं, निदान वाईट एवढंच नव्हतं. भुकेलं माणूस दाराशी घोटाळतं; पोट भरलं की वाटेला लागतं. पितरांचं तसंच, भिकाऱ्याचं तसंच. तीनशे वर्षांची उपाशी बाई, तिला एक मूठ देऊन टाकावी. जेवेल, आशीर्वाद देईल, जाईल. आणि हे पुन्हा आपले होतील. पण लुझिया हे नाव, सवतीचं नाव, आपल्या कानबाईच्या गव्हावर घ्यायचं? जीभ वळेना. नाव नाही तर नाही. नाव नसलेली मूठ कुणाच्या मोजदादीत कशाला येईल?

त्यांनी सरांच्या दाराकडे पाहिलं. पिशवीत हात घातला, मूठ भरली आणि एक शब्द न बोलता सुपात सोडली.

कुठूनतरी दोर ताणल्याचा आवाज आला. कर्र... असा लांबलेला, ओल्या लाकडावरून घासत जाणारा. ओसरीतला झोपाळा असेल म्हणून त्या बघायला गेल्या. झोपाळा लोखंडी साखळ्यांचा होता. स्थिर होता.

४

कानबाईच्या नारळावर डोळे रेखले, नाकात नथ घातली, कण्हेरीची फुलं वाहिली. कानबाई चौरंगावर बसली तेव्हा इतकी लोभस दिसत होती की मंजुळाबाईंनी दोन्ही हात जोडून सगळं तिच्यावर सोपवलं. रोट खाल्ले, उरलेले पातेल्यात झाकून ठेवले.

सोमवारी सकाळी साऱ्या गल्लीतल्या बाया चौरंग डोक्यावर घेऊन पांझरेवर निघाल्या. सर कॉलेजात, घराला कुलूप. तानुबाईंनी फुगडी घालता घालता मंजुळाबाईंना चिखलात पाडलं. सासूबाई हसून हसून खाली बसल्या. नारळ पाण्यात सोडताना पाणी उडून ओठांवर आलं. मंजुळाबाईंनी जीभ फिरवून पाहिली. गोड. कितीतरी दिवसांनी त्यांना हलकं हलकं वाटलं. गेली एकदाची, त्या मनात म्हणाल्या.

घरी येऊन पातेलं उघडलं, तर वरचा रोट मधूनच तुटलेला होता. कडेकडेनं नीट नव्हे, मधूनच ओरबाडून, आठवड्याचा भुकेला खातो तसा. उंदीर, त्या स्वतःला म्हणाल्या. पण झाकण होतं, झाकणावर पाटा होता, आणि पाटा होता तिथंच होता.

त्या परसात गेल्या. हात धुवायच्या खड्ड्यातली माती ओली होती. सकाळपासून घरात कुणी नव्हतं. ज्यानं कुणी खाल्लं होतं त्यानं हात धुतले होते, आणि जिथं धुवायचे तिथंच धुतले होते. घरच्या माणसासारखे.

उन्हानं खड्ड्याच्या कडा सुकत चालल्या होत्या. सुकेल तिथं पांढरी साय धरत होती. मंजुळाबाईंनी बोट लावलं नाही.

त्या दुपारपासून सरांच्या तांब्यातलं पाणी गोड झालं.

५

पाणी गोड झालं, पुस्तक भराभर पुढं सरकू लागलं. सर वेळेवर जेवत, मिशीतल्या मिशीत काहीतरी गुणगुणत. दिवाळी झाली, थंडी पडली. मंजुळाबाईंनी देवीचे पाच शुक्रवार जास्तीचे धरले, कृतज्ञता म्हणून. खड्ड्याचा विषय त्यांनी मनात येऊ दिला नाही.

संक्रांतीच्या सुमारास एका दुपारी त्या तीळ भाजत होत्या. सर स्वयंपाकघराच्या दारात आले. चेहरा उजळलेला, हातात उघडं पेन.

"मंजुळा," ते म्हणाले.

कालथा त्यांच्या हातातून सुटला. लग्नाला इतकी वर्षं झाली, उखाण्यात सोडलं तर या तोंडून हे नाव त्यांनी ऐकलं नव्हतं. कानांच्या पाळ्या तापल्या. या वयात, त्यांना वाटलं, या वयात देवी पावली.

"मंजुळा नाव होतं तिचं," सर म्हणाले.

तिळांचा करपट वास सुटला.

"कशावरून?"

"कशावरून म्हणजे! दुसरं असूच शकत नाही. लिहिता लिहिता हातातून उतरलंच. वाचून बघ, कसं बसतंय ते."

पुराव्याशिवाय ओळ न लिहिणारा हा माणूस. एका तारखेसाठी उन्हाळाभर पणजीत जाऊन बसणारा. मंजुळाबाईंनी कढई उतरवली आणि हळू आवाजात म्हटलं, "अहो, ते माझं नाव आहे."

सरांनी त्यांच्याकडे पाहिलं. वर्गातल्या एखाद्या पोरानं भलतंच उत्तर दिलं की मास्तर बघतात तसं, रागानं नाही, थोडं दयेनं.

"हो का?" ते म्हणाले. मग, "हो, हो. असेल की. योगायोग."

६

उन्हाळ्यात मंजुळाबाई परसात कुरडया घालत होत्या. ऊन असं की कुरडई टाकताच वाळायला लागावी.

"मंजुळा," आतून सरांची हाक आली. "चहा आण गं."

हल्ली ते नावानंच हाक मारत. हेच हवं होतं ना, त्या स्वतःला समजावत.  तरी मायेनं मारलेली हाक आपल्या अंगावरून पुढं कुणाकडे तरी जातेय असं वाटे.

हात पिठाचे होते. ते पुसून उठेपर्यंत आतून आवाज आला.

"ओऽ."

बांगड्या वाजल्या. कोपराकडे सारल्या गेल्या. कपबशीचा आवाज, स्टोव्हची पिन, आणि ओसरीतून जाणारी पावलं. जोडव्याचा बारीक ठेका, जो मंजुळाबाईंच्या पायांतून रोज निघतो, तोच.

हात पुसायचे तसेच राहिले. मग आत गेल्या. सर बशीतून चहा पीत होते. वाफ निघत होती.

"हा कुणी आणला?"

"कुणी म्हणजे? आत्ताच ठेवून गेलीस की." ते हसले. "उन्हात नको बसत जाऊ."

आपणच आणून ठेवला असेल. उपासानं हल्ली गरगरतं, डोळ्यांपुढं अंधारी येते. आणलाही असेल आणि विसरलोही असू. असंच असणार. त्यांनी हात पुढं धरून पाहिले. दोन्ही हात मनगटापर्यंत पिठानं माखलेले होते. चहाच्या कपावर पिठाचं एक बोट नव्हतं.

माठाशी जाऊन त्यांनी पेलाभर पाणी तोंडाला लावलं. खारट होतं. तानुबाईंना हाक मारून त्यांना प्यायला दिलं.

"कुठं खारट? थंडगार, गोड शे," तानुबाई म्हणाल्या. पेला ठेवता ठेवता त्यांनी हिच्याकडे दोनदा पाहिलं, चष्मा नसल्यासारखे डोळे बारीक करून. "वहिनीच ना तुम्ही? उन्हातून आले का, काही दिसत नाही बघा."

७

मग त्या खंगत गेल्या, म्हणजे त्यांना स्वतःला तसं वाटे. ताट वाढून घेतलं, जेवल्या, तरी पोट रिकामं. मीठ कळत नसे. कळे तेव्हा सगळं मीठच. ओसरीत पाय ठेवला की फरशी एका बाजूला कलंडल्यासारखी होई आणि सावकाश दुसऱ्या बाजूला जाई, आणि तो दोराचा आवाज, कर्र... कर्र... आता परसातून, आता देवघरातून, आता त्यांच्याच छातीच्या पिंजऱ्यातून. डॉक्टरांकडे गेल्या तर कंपाउंडरनं त्यांच्या मागच्या बाईला आत सोडलं, आणि तिच्या मागच्या बाईला.

गल्लीत मात्र सगळं छान चाललं होतं.

"सरांच्या बाईंनी उपास सोडले ते बरं केलं," तानुबाई ओट्यावर कुणालातरी सांगत होत्या. "कसलं तेज आलंय तोंडावर! काल तर हसता हसता माझा हात धरला. नवराबायको सायंकाळी पांझरेवर फिरायला जातात, माय. या वयात! मी म्हटलं, वहिनी, ती सवत गेली वाटतं? तर म्हणे कशी, कोण सवत?"

मंजुळाबाई दारामागे उभ्या होत्या. पांझरेवर. त्यांना तिथं सर कधी घेऊन गेले नव्हते. भीती होतीच, पण भीतीच्याही वर ते चढलं, जळजळीत, घशापर्यंत: त्यांनी तिचा हात धरला असेल का?

त्या देवघरात गेल्या. दिवा लावून हात जोडले. "आई कानबाई, मी मंजुळा..." म्हणू लागल्या, आणि मंजुळा हा शब्द उष्टा घास तोंडात आल्यासारखा जिभेवर थांबला. दुसऱ्याच्या ताटातला. त्यांनी तो तसाच गिळला. नमस्कार मात्र पुरा केला. देवीला सगळं कळतं, ती नाव विचारत नाही. ही आशा त्यांनी पदराच्या गाठीला बांधून ठेवली.

८

श्रावणात कानबाईच्या सकाळी फाटक वाजलं. म्हातारीला शनिवारची गाडी मिळाली नसावी. मंजुळाबाई पुढं झाल्या, कडी काढली, वाकून पाया पडल्या.

झुंबरबाईंनी वारा आला तसं डोळ्यांपुढची बट सारली आणि त्यांच्या अंगावरून आत गेल्या. "मंजुळा, पानी दे व माय. घसा कोरडा पडना."

"ओ, आत्या."

आतून तांब्या आला. म्हातारी घटाघटा प्याली. "गोड शे व तुना हातनं पानी."

मंजुळाबाई उंबऱ्यापाशी आल्या. पाऊल उचलायचं म्हणजे काय, आपलंच घर, रोजचाच उंबरा, हळदीकुंकवाची बोटं आपलीच ओढलेली. पण पायाखालची जमीन सावकाश मागं गेली, आणि पाऊल जिथं होतं तिथंच पडलं. पुन्हा उचललं. पुन्हा तिथंच. किनारा दिसतोय आणि नाव बांधलेलीच आहे, असं.

म्हातारीनं सूप पुढ्यात घेतलं.

"पितांबर." मूठ.

"मंजुळा." मूठ.

"झुंबर." मूठ.

"आत्या," त्या बाहेरून म्हणाल्या. "आत्या, मी इथं आहे." आवाज निघाला, पण तो दोर घासत गेल्यासारखाच निघाला. सासूबाईंनी ओसरीकडे पाहिलं. "पितांबर, तो झोपाळाले तेल देत जाय रे. कितला कुरकुरस."

त्या चाळण आणायला आत गेल्या. सूप आणि गव्हाची पिशवी तिथंच राहिली, आणि दाराच्या चौकटीत कडेनं एक पाठ आली. मंजुळाबाईंचं हिरवं पातळ, अंबाड्यात परसातली कण्हेर. तोंड पलीकडे होतं. हात पुढं झाला. बांगड्या कोपराकडे सरकल्या. मनगटावर, जिथं बांगड्या एरवी असतात तिथं, कातडीत रुतून गेलेला दोराचा जुना वळ होता, गोलच्या गोल.

 हिला कळेल, मंजुळाबाईंना वाटलं. हिला नाही तर कुणाला कळेल? आपल्याच मुलखातली, उपास करणारी. भूक काय असते ते हिच्याइतकं कुणी पाहिलंय? नावाचं काही अडायचं नाही. रुक्मा म्हण, नाहीतर काहीच म्हणू नको. एक मूठ. मी जेवेन आणि...

...आणि जाईन, असं त्यांच्या मनात येईना. जाणार नव्हत्या त्या. ते त्या दोघींनाही ठाऊक होतं.

हात पिशवीत गेला. मूठ भरली, वर आली. मग त्या बाईनं, गेल्या वर्षी मंजुळाबाईंनी सरांच्या दाराकडे पाहिलं होतं अगदी तसं, मान जराशी वळवून उंबऱ्याकडे पाहिलं. गालाची कड दिसली, नथीतला मोती दिसला, डोळा दिसला नाही.

मूठ पिशवीवरच उघडली. सगळे गहू परत आत पडले, एक दाणा न सांडता. तिनं पिशवीचं तोंड बांधलं आणि गाठ ओढून पाहिली.

"शहानी शे माय मनी," चाळण घेऊन येता येता म्हातारी बांधलेली पिशवी बघून सुनेला म्हणाली.

आत जातं फिरू लागलं. सरांच्या खोलीतून वाचण्याचा आवाज येत होता, मायेचा, ओला. पलीकडून कुणीतरी हुंकार देत होतं. उंबऱ्याबाहेरची बाई तुळशीपाशी जाऊन बसली. तिनं पदर नीट केला, ओठांवरचं मीठ पुसलं. पुढला श्रावण काही लांब नव्हता. माणसाच्या हातून कधीतरी चूक होतेच. आणि उद्या तर सोमवार, तिचा उपासच होता.